घसरणीला दोष नको, बढतीचा हिशेब मागा

मे 2010 मध्ये बुर्सा शहराचा फुटबॉल क्लब बुर्सास्पोर तुर्कीचा विजेता झाला. शेवटच्या दिवशी त्यांनी बेशिक्ताशला 2-1 हरवलं, तिकडे फेनेरबाह्चेला त्राब्झोनस्पोरने बरोबरीत रोखलं, आणि 75 विरुद्ध 74 गुणांनी चषक बुर्साला गेला. तुर्कीच्या व्यावसायिक लीगच्या इतिहासात इस्तंबूलबाहेरच्या फक्त दोन क्लबांना हे जमलंय, एक त्राब्झोनस्पोर आणि दुसरा हा. पुढे 2019 ला बुर्सास्पोर सुपर लीगमधून खाली आला, 2022 ला आणखी एक पायरी उतरला, 2024 ला आणखी एक. 2024-25 चा हंगाम हा माजी विजेता देशाच्या चौथ्या पायरीवर खेळला. घरचं स्टेडियम 43 हजारांच्या आसपासचं, आणि या चौथ्या पायरीवरच्या सामन्यांनाही तिथे चाळीस हजारांच्या घरात लोक आले. त्याच हंगामात क्लब पुन्हा एक पायरी वर चढला.

बुर्साचं उदाहरण देऊन तुर्कीत दर दोन-तीन वर्षांनी एक सूर लावला जातो, की रेलिगेशन, म्हणजे तळाच्या संघांना खालच्या लीगमध्ये ढकलणं, क्लबांना मारतं, सबब घसरणीच्या जागा कमी करा, लीग मोठी करा, जमलं तर दारच बंद करा, म्हणजे कुणी खाली जायला नको आणि वर यायलाही नको. आमचं म्हणणं नेमकं उलट आहे. घसरणीने बुर्साचा एकही प्रेक्षक कमी केला नाही. क्लबाला खाली ओढत नेलं ते कर्जाने, आणि ते कर्ज वरच्या पायरीवर असतानाच झालेलं होतं. तुर्की फुटबॉल महासंघ खाली ढकलताना गुण काटेकोरपणे मोजतो, वर चढवताना मात्र वहीखातं नीट बघत नाही. दुरुस्ती तिथे हवी.

आधी रचना, कारण नावांमुळे घोळ होतो. सर्वांत वर सुपर लीग, 2025-26 मध्ये 18 संघ. तिच्याखालच्या स्पर्धेचं नाव ‘1. लीग’, म्हणजे प्रत्यक्षात दुसरी पायरी, 20 संघ. त्याखाली ‘2. लीग’, पांढरा आणि लाल असे दोन गट. त्याखाली ‘3. लीग’, चार गट. इथे व्यावसायिक फुटबॉल संपतं. त्याखाली 2010 पासून प्रादेशिक हौशी लीग आणि मग जिल्ह्याजिल्ह्यांच्या स्पर्धा. गोंधळ नको म्हणून इथे आम्ही पायऱ्यांचेच आकडे वापरतो.

दुसऱ्या पायरीवरून पहिले दोन संघ थेट वर जातात. तिसरी जागा प्ले-ऑफमधून, म्हणजे हंगाम संपल्यावरच्या बाद सामन्यांतून भरते. त्यात चौथ्या ते सातव्या क्रमांकाचे संघ आपसांत खेळतात आणि जो उरतो तो तिसऱ्या क्रमांकाच्या संघाशी अंतिम सामना खेळतो. तिसऱ्या पायरीवर दोन्ही गटांचे विजेते थेट वर, आणि मागच्यांच्या प्ले-ऑफमधून आणखी एक. गुण सारखे झाले तर एकूण गोलफरक नव्हे, आधी त्या दोन संघांमधल्या परस्पर सामन्यांचा निकाल पाहतात. म्हणून एप्रिलमध्ये तळाच्या क्लबांचे प्रशिक्षक ऑक्टोबरमधल्या एखाद्या 1-0 निकालावर बोटं मोडताना दिसतात.

ही शिडी वरून लादलेली नाही, शहरांनी ती मागून घेतली. 1959 ला राष्ट्रीय लीग सुरू झाली तेव्हा ती इस्तंबूल, अंकारा आणि इझमीर या तीन शहरांची मक्तेदारी होती. 1963 ला दुसरी आणि 1967 ला तिसरी पायरी जोडली गेली. महासंघाचे तेव्हाचे अध्यक्ष ओरहान शेरेफ आपाक यांनी गावोगावच्या छोट्या क्लबांना एकत्र येऊन शहराचा एक क्लब काढायला लावलं. आज आडनावासारखं ‘स्पोर’ लावणारे बहुतेक शहरी क्लब त्याच दशकातले. त्राब्झोनमध्ये इदमानओजाई आणि इदमानग्युजू या दोन क्लबांचं हाडवैर होतं. वर्षानुवर्षं घासाघीस होऊन 1967 ला एकदाचा त्राब्झोनस्पोर जन्मला. 1974 ला तो वर चढला आणि 1976 ला देशाचा विजेता झाला. वर चढल्यापासून दुसऱ्याच हंगामात! बंद लीगमध्ये हे घडलं नसतं.

त्याच 1967 ची काळी बाजूही सांगायला हवी. सप्टेंबर 1967 मध्ये कायसेरीस्पोर आणि सिवासस्पोर यांच्या दुसऱ्या पायरीवरच्या सामन्यात दंगल आणि चेंगराचेंगरी होऊन चाळीसहून अधिक माणसं दगावली. नंतर हे दोन क्लब अनेक वर्षं वेगवेगळ्या गटांत ठेवले गेले. गट पाडणं हे निव्वळ चिठ्ठ्या काढण्याचं काम नाही, हे महासंघ तेव्हा शिकला होता. पुढे विसरला असावा. मार्च 2023 मध्ये बुर्सास्पोर आणि कुर्दबहुल दियारबाकिर शहराचा अमेदस्पोर यांच्या तिसऱ्या पायरीवरच्या सामन्यात जे वांशिक शिवीगाळीचं आणि वस्तू फेकण्याचं प्रदर्शन झालं, त्याची धास्ती गट जाहीर झाले त्या दिवशीच वाटायला हवी होती.

आता मूळ मुद्दा. क्लब घसरतो म्हणजे नेमकं काय होतं?

सुपर लीगमधल्या मधल्या फळीच्या क्लबाचं उत्पन्न लिरात येतं, प्रक्षेपणाचा वाटा, तिकिटं आणि स्थानिक जाहिराती. परदेशी खेळाडूंचे करार मात्र युरोत होतात. 2018 च्या सुरुवातीला एका युरोला साधारण साडेचार लिरा पडत होते, 2025 अखेर पन्नासच्या आसपास. वर्षाला पाच लाख युरोचा एक बचावपटू आधी साडेबावीस लाख लिरात पडायचा, तो आता अडीच कोटींत पडतो. क्लब वरच राहिला तर वाढत्या प्रक्षेपण-रकमेतून ही तोंडमिळवणी कशीबशी होते. खाली आला की उत्पन्नाचा हा मोठा झरा आटतो आणि करार तसेच उरतात. इंग्लंडमध्ये घसरलेल्या क्लबाला तीन वर्षांपर्यंत उतरत्या दराने पॅराशूट रक्कम मिळते, पहिल्या वर्षी समान प्रक्षेपण-वाट्याच्या 55 टक्के, मग 45, मग 20. तुर्कीत या तोडीचं काही नाही. तिसऱ्या पायरीवर आणखी एक अडचण उभी राहते. तिथे आणि चौथ्या पायरीवर परदेशी खेळाडू खेळवताच येत नाहीत. म्हणजे ज्याच्याशी करार आहे त्याला मैदानात उतरवता येत नाही, आणि करार मोडायचा तर भरपाई द्यावी लागते.

मग सुरू होतं ते फिफाचं चक्र. दोन महिन्यांचा पगार थकला की खेळाडू क्लबाला लेखी नोटीस देतो आणि किमान पंधरा दिवसांची मुदत देतो. मुदतीत पैसे आले नाहीत तर तो रास्त कारणाने करार संपवून उरलेल्या रकमेसाठी फिफाच्या न्यायाधिकरणाकडे जातो. निकाल त्याच्या बाजूने लागला आणि क्लबाने 45 दिवसांत पैसे दिले नाहीत, की नव्या खेळाडूंच्या नोंदणीवर बंदी येते. ही बंदी सलग तीन ट्रान्सफर खिडक्यांपर्यंत, म्हणजे खेळाडू घेण्याच्या ठरावीक मुदतींपर्यंत, चालू शकते. तुर्कीत याला ‘तहता बंद’ म्हणतात, म्हणजे फळा बंद. एका क्लबावर अशा दहा-बारा फायली असल्या तर एक मिटवून उपयोग नसतो, सगळ्या मिटेपर्यंत फळा बंदच. थकबाकी पुढेही राहिली तर गुणवजावट येते.

दरम्यान जुने खेळाडू निघून गेलेले असतात आणि नवे घेता येत नाहीत, तेव्हा मैदानात उतरतात अकादमीतली पोरं. येनी मालात्यास्पोरचं चित्र बघा. 2018-19 ला सुपर लीगमध्ये पाचवा, 2019 च्या उन्हाळ्यात युरोपा लीगची पात्रता फेरी, 2022 ला घसरण, फेब्रुवारी 2023 च्या भूकंपात शहर उद्ध्वस्त आणि गोलरक्षक अहमेत एयुप त्युर्कआस्लान याचा मृत्यू. 2024-25 मध्ये या क्लबाने गुणवजावटीमुळे दुसऱ्या पायरीवरचा हंगाम शून्याच्या खाली संपवला. आदाना देमिरस्पोर 2025 ला सुपर लीगमधून उतरला आणि पुढच्याच हंगामात त्याचेही गुण शून्याखाली गेले. अठरा-एकोणीस वर्षांची मुलं दर आठवड्याला पाच-सहा गोल खातात आणि ज्यांनी करारांवर सह्या केल्या ते पदाधिकारी घरी बसून सामना बघतात. चोर सोडून संन्याशाला सुळी म्हणतात ते हेच.

अशा संघाचा स्पर्धेवरही परिणाम होतो आणि त्याकडे कमी लक्ष जातं. फळा बंद असलेल्या क्लबाशी ऑक्टोबरमध्ये, जुने खेळाडू असताना, खेळणारा प्रतिस्पर्धी आणि मार्चमध्ये पोरांशी खेळणारा प्रतिस्पर्धी यांना सारखी संधी मिळत नाही. प्ले-ऑफची सातवी जागा दोन गुणांनी चुकलेल्या क्लबाने तक्रार करायची ती कुणाकडे?

यातून सुटण्याची एक चोरवाट आहे, ती म्हणजे जुना क्लब बुडू द्यायचा आणि शहराचा नवा उभा करायचा. गाझियानतेपस्पोर 2017 ला सुपर लीगमधून, 2018 ला दुसऱ्या पायरीवरून घसरला, आणि 2020 पर्यंत क्लबच गुंडाळला गेला. दरम्यान त्याच शहरातला पूर्वीचा महापालिकेचा क्लब 2019 ला सुपर लीगमध्ये पोहोचला, आज तोच गाझियानतेप एफके. मेर्सिन इदमान युर्दू हा 1925 चा क्लब 2016 पासून वर्षाला एक पायरी उतरत बंद पडला. येनी मालात्यास्पोर स्वतःच असा दुसरा क्लब आहे. जुना मालात्यास्पोर गाळात गेल्यावर महापालिकेच्या क्लबाने शहराचं नाव घेतलं, ‘येनी’ म्हणजे नवा. फिफाने ही पळवाट काही अंशी बुजवली आहे. नाव, रंग, मुख्यालय, मालकी, खेळाडू, खेळण्याची श्रेणी यांवरून नवा क्लब जुन्याचा क्रीडावारस ठरला तर जुनी देणी त्याच्या गळ्यात पडतात. पण आधीपासून अस्तित्वात असलेला वेगळा क्लब हळूहळू शहराची जागा घेत असेल तर हा निकष लावणं अवघड जातं. बुडतो तो जुन्या क्लबाचा माळी, फिजिओ आणि कनिष्ठ संघाचा प्रशिक्षक. त्यांच्यासाठी फिफाचं दार नाही.

शिडी अशी कर्जाने मोडकळीला आलेली असताना महासंघाने काय केलं? घसरणीचे नियम हलवले. 2019-20 चा हंगाम कोविडमध्ये कसाबसा संपला आणि निकाल लागल्यावर घसरण रद्द झाली. तळाचे तिघे, अंकाराग्युजू, कायसेरीस्पोर आणि येनी मालात्यास्पोर, वाचले. खालून तिघे आले ते आलेच. परिणामी 2020-21 ची सुपर लीग 21 संघांची झाली. संघांची संख्या विषम, त्यामुळे 42 फेऱ्या, दर फेरीला एक संघ घरी, आणि प्रत्येकाचे 40 सामने. ही सूज उतरवायला त्याच हंगामापासून तीनऐवजी चार संघ खाली पाठवावे लागले. 2020-21 ला घसरणीची ती चौथी जागा एर्झुरुमस्पोरच्या वाट्याला आली. वाचवलेल्या तिघांपैकी अंकाराग्युजू 2021 ला आणि मालात्या 2022 ला खाली गेलेच. म्हणजे माफी मिळाली तिघांना, तिची किंमत मोजली भलत्यांनी. 18 संघांवर लीग परत यायला 2025-26 उजाडलं.

2023 ची गोष्ट वेगळी होती आणि तिथे महासंघाचा निर्णय रास्त होता. भूकंपानंतर हातायस्पोर आणि गाझियानतेप एफके यांनी हंगाम सोडला, त्यांना घसरणीतून सूट मिळाली आणि फक्त दोन संघ खाली गेले, गिरेसुनस्पोर आणि उम्रानियेस्पोर. याला जुना दाखलाही होता. जानेवारी 1989 मध्ये साम्सुनस्पोरच्या बसला अपघात होऊन प्रशिक्षक आणि खेळाडू दगावले, तेव्हाही त्या क्लबाला घसरणीतून वगळलं होतं. आमचा आक्षेप सूट देण्यावर नाही, ती ऐनवेळी ठरवण्यावर आहे. संघातली माणसं दगावली किंवा घरचं मैदान नैसर्गिक आपत्तीने निकामी झालं तर काय, हे हंगामाच्या पहिल्या शिटीआधी लिहून ठेवता येतं. लिहिलेलं असलं की कोणत्या शहराचा खासदार किती वजनदार, या प्रश्नाला जागा उरत नाही.

शिडी चालते याचे पुरावे भरपूर आहेत. साम्सुनस्पोर 2018 ला तिसऱ्या पायरीवर पडला होता, 2025 ला सुपर लीगमध्ये तिसरा आला. दोन वेळा तुर्की चषक जिंकलेला कोजाएलीस्पोर 2009 ला घसरला, कर्जापायी हौशी स्तरापर्यंत गेला आणि 2025 ला सोळा वर्षांनी सुपर लीगमध्ये परतला. बंद लीगवाल्यांनी या दोन शहरांत जाऊन आपलं म्हणणं मांडून पाहावं. भारतीय वाचकाला हे लवकर कळेल, कारण आपल्याकडे दुसऱ्या पायरीवरच्या आय-लीगच्या विजेत्याला 2023 पासून आयएसएल या सर्वांत वरच्या लीगमध्ये बढती मिळू लागली, 2025 पर्यंत घसरण मात्र झाली नाही. आणि 2024-25 च्या आय-लीगचं विजेतेपद आधी गोव्याच्या चर्चिल ब्रदर्सला जाहीर होऊन नंतर क्रीडा लवादाच्या निकालाने इंटर काशीला गेलं. अर्ध्या शिडीवरही वाद काही कमी होत नाहीत.

सट्ट्याचं प्रकरण याच कर्जाशी जोडलेलं आहे. ऑक्टोबर 2025 मध्ये महासंघाचे अध्यक्ष इब्राहिम हाजिओस्मानोग्लू यांनी जाहीर केलं की व्यावसायिक लीगच्या 571 पंचांपैकी 371 जणांची सट्ट्याची खाती आहेत आणि 152 जण प्रत्यक्ष सट्टा खेळतात. पुढच्या महिन्यात 1,024 खेळाडूंना शिस्तपालन मंडळापुढे पाठवलं गेलं, बहुतेक तिसऱ्या-चौथ्या पायरीवरचे. त्या दोन लीग दोन आठवडे थांबल्या. शिक्षा हव्यातच, त्यावर वाद नाही. पण या दोन्ही लीगच्या नावात पुढे ‘नेसिने’ लागतं, आणि ती सट्ट्याची वेबसाइट आहे. सामने सट्ट्याच्या यादीत छापले जातात त्याबद्दल क्लबांना नावहक्काची रक्कम मिळते, आणि खालच्या क्लबांचं बरंच घर त्यावर चालतं. खेळाडूचा पगार तीन-चार महिने थकलेला, जर्सीच्या बाहीवर सट्ट्याची जाहिरात, आणि हंगामाच्या शेवटी असा एखादा सामना की ज्यात बरोबरी दोघांनाही चालते. इथे मोह कुठून येतो हे शोधायला आयोग नेमायची गरज नाही. आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी ही महासंघाची जुनी सवय. पगार वेळेवर मिळतो की नाही हे न बघता खाती तपासत बसलं की पुढच्या वर्षी नवी हजार नावं मिळतील.

करायचं काय, तर पहिली गोष्ट बढतीच्या क्षणी. 31 मार्चपर्यंतचे सगळे पगार, फिफाचे निकाल आणि क्लबांमधली देणी चुकती नसतील तर थेट बढती नाही आणि प्ले-ऑफही नाही, जागा गुणतक्त्यातल्या पुढच्या पात्र संघाला. मार्चअखेर यासाठी, की तेव्हा सहा-सात सामने उरलेले असतात आणि कुणाला पुढे सरकता येईल हे खेळणाऱ्यांना माहीत असतं. जूनमध्ये परवाना नाकारणं म्हणजे वरातीमागून घोडं, तेव्हा कोर्टकचेऱ्या होतात आणि वेळापत्रक लटकतं. 2019 पासून वरच्या दोन पायऱ्यांवर संघाच्या खर्चाची मर्यादा आहे आणि 2022 च्या क्रीडा क्लब कायद्याने पदाधिकाऱ्यांना बेसुमार कर्जाबद्दल वैयक्तिक जबाबदार धरलंय. कागद आहेत. पण अध्यक्षाला खरी भीती बढती हुकण्याची असते, दंडाची नसते.

दुसरी गोष्ट करारात. युरोतल्या प्रत्येक करारात घसरण झाली तर पगार किती टक्क्यांनी आपोआप उतरेल आणि तिसऱ्या पायरीवर करार किती ठरावीक भरपाईत संपेल, हे कलम सक्तीचं हवं. कलम नसेल तर नोंदणीच नको. खेळाडू जास्त रक्कम मागतील, मागू देत. धोक्याची किंमत करार करतानाच दिसली तर निम्मे करार होणारच नाहीत.

तिसरी, पॅराशूट. पण इंग्लंडच्या धर्तीवर नको. तिथे ती रक्कम क्लबाच्या हातात पडते आणि घसरलेले क्लब ती संघावर उधळून दुसऱ्या पायरीवरच्या बाकीच्यांना मागे टाकतात. तुर्कीत ती क्लबाच्या खात्यात गेली तर नवा अध्यक्ष त्यातून एक नवा स्ट्रायकर आणेल, हे सांगायला ज्योतिषी नको. रक्कम महासंघाकडच्या वेगळ्या खात्यात राहावी आणि थेट थकलेल्या पगारांसाठी सुटावी, आधी कर्मचारी, मग अकादमी, मग खेळाडू.

यावर क्लबांचा आक्षेप असा, की अशाने श्रीमंत मालकाचेच क्लब वर जातील आणि लोकांचे क्लब खाली कुजतील. आक्षेपात तथ्य आहे. प्रेक्षक फारसे नसलेले, एका मालकाच्या किंवा महापालिकेच्या बळावर चढलेले क्लब सुपर लीगमध्ये आधीच आहेत. पण आजच्या व्यवस्थेतही तेच वर जात आहेत. फरक एवढाच, की लोकांचे क्लब त्यांच्याशी बरोबरी करायला उधारी करतात आणि दोन वर्षांनी फळा बंद करून बसतात. बुर्सा चौथ्या पायरीवर स्टेडियम भरू शकत असेल तर त्या तिकिटांच्या पैशात किती पगार बसतात ते आधी मोजून मग संघ बांधणं तिलाही जमेल.

अंमलबजावणीत एक ठिकाण सांभाळावं लागेल. देणी चुकती केल्याचा पुरावा म्हणून आज खेळाडूच्या सहीचं ‘काही येणं नाही’ असं पत्र चालतं, आणि संघातून वगळलं जाण्याच्या धाकाने खेळाडू ते देतो. पोस्ट-डेटेड चेक देऊन सही घेण्याचा प्रकारही नवा नाही. त्यामुळे 31 मार्चच्या तपासणीत सहीची पत्रं आणि चेक दोन्ही बाद असावेत. प्रत्येक खेळाडूच्या बँक खात्यात रक्कम जमा झाल्याचा उतारा, तोही क्लबाकडून नव्हे तर बँकेकडून थेट महासंघाला आलेला, एवढाच पुरावा धरावा.